वाफेच्या इंजिनाचं चित्रीकरण: दार्जिलिंगचा बी क्लास आणि नोंद म्हणून टिकणारं फुटेज

घाटमाथा

दार्जिलिंगच्या गाडीचे व्हिडिओ नेटवर पोत्याने पडलेत. बहुतेकांत बतासियाचं वळण, मागे कांचनजंगा, शिट्टी आणि वरून ओतलेलं संगीत. उद्या कुणाला हे इंजिन नक्की कसं चालवायचे ते पाहायचं झालं, तर त्यातलं फारसं काही उपयोगी पडणार नाही. या धाग्यात 'नोंद' म्हणून चित्रीकरण कसं करावं याचा तपशील जमवू या. सुंदर शॉट वाईट नाहीत, पण ते आपोआप मिळतातच.

आधी विषयाची ओळख. लाइन दार्जिलिंगला पोचली १८८१ साली. गेज दोन फूट, म्हणजे ६१० मिमी. न्यू जलपाईगुडी ते दार्जिलिंग सुमारे ८८ किमी. घूम स्टेशन २,२५८ मीटरवर. युनेस्कोचा दर्जा १९९९ पासून. बी क्लासची चार चाकी इंजिनं १८८९ पासून येत गेली. बरीचशी ग्लासगोची, तीन अमेरिकेतल्या बाल्डविनची, आणि काही तिनधारियाच्या वर्कशॉपात बांधलेली.

चित्रीकरणाच्या दृष्टीने या इंजिनाची खासियत म्हणजे त्यावरची माणसं. ड्रायव्हर आणि फायरमन आत. कॅबच्या पुढे, बॉयलरवरच्या कोळशाच्या कप्प्यापाशी कोळसा फोडणारा. आणि समोर बफर बीमवर (इंजिनाच्या पुढच्या आडव्या पट्टीवर) बसून रुळांवर हाताने वाळू टाकणारे दोघं. चढ काही ठिकाणी १:२० च्या आसपास, रूळ ओले, त्यामुळे वाळूवाला नसेल तर चाकं जागच्या जागी गरगरतात. हे पाचही जण एकाच वेळी काय करतात ते सलग दाखवणारं फुटेज मला सर्वांत मोलाचं वाटतं. कापाकापी न करता कॅमेरा निदान ४-५ मिनिटं चालू ठेवा.

वेळापत्रकाचं गणित असं: जॉयराइड म्हणजे दार्जिलिंग-घूम-दार्जिलिंग, जवळपास दोन तास, बतासियाला १० मिनिटं आणि घूमला अर्धा तास थांबा. घूम दार्जिलिंगपेक्षा उंच आहे, म्हणून जाताना इंजिन खरं काम करतं आणि येताना रेग्युलेटर (सिलिंडरकडे वाफ सोडणारी झडप) बंद करून ब्रेकवर उतरतं. कष्टाचं चित्र आणि आवाज हवा असेल तर जाताना घ्या. परतीचा प्रवास ब्रेकचं काम दाखवायला ठेवा. जॉयराइडच्या पट्ट्यात झिगझॅग (गाडी पुढे-मागे करत चढते ते टप्पे) नाहीत, ते खाली सुकना ते महानदी या टापूत आहेत. वाफेचं इंजिन झिगझॅगवर हवं असेल तर खास भाड्याने घेतलेल्या गाडीशिवाय भरवसा नाही.

बॉयलरबुवा

उत्तम सुरुवात. पण खरी नोंद गाडी सुटण्याच्या तीन-चार तास आधी शेडमध्ये सुरू होते, आणि तिथे कुणी कॅमेरा नेत नाही. थंड बॉयलर घाईने तापवत नाहीत. पत्रे आणि त्यांना जोडून धरणारे स्टे असमान प्रसरण पावले की सांधे गळायला लागतात. त्यामुळे क्रम पाहण्यासारखा असतो:

गेज ग्लासमध्ये (बॉयलरमधली पाण्याची पातळी दाखवणाऱ्या काचनळीत) पाणी बघणं, तेही कॉक उघडून खात्री करून, नुसतं काचेवर विसंबून नाही. मग फायरबॉक्समध्ये लाकूड आणि तेलात भिजवलेलं वेस्ट (सुताच्या चिंध्या), त्यावर हळूहळू कोळसा. दाब चढायला लागला की ब्लोअर, म्हणजे आग फुलवण्यासाठी धुराड्यात सोडलेला वाफेचा झोत. मधल्या वेळात तेलाच्या कुप्या भरणं, वाती तपासणं, क्रॉसहेड (पिस्टनदांडा आणि रॉड जोडणारा सरकता ठोकळा) आणि रॉडच्या बेअरिंगला तेल. बी क्लासचा कामाचा दाब चौरस इंचाला साधारण १४० पौंड, म्हणजे चौरस सेंटिमीटरला पावणेदहा किलोच्या आसपास. दाबमापकाचा काटा दर पंधरा मिनिटांनी, त्याच कोनातून, दहा सेकंद घ्या. एडिटिंगमध्ये त्यातून सगळा वेळ उलगडून दाखवता येतो.

शेवटही तितकाच महत्त्वाचा: आग खाली काढणं, क्लिंकर (वितळून घट्ट झालेली राख) फोडून बाहेर ओढणं, राखपेटी साफ करणं, स्मोकबॉक्स उघडणं. कोळशात राख जास्त असली तर जाळीवर क्लिंकरचा थर साचतो, हवा कमी मिळते आणि दाब पडतो. तो फायरमन पुनःपुन्हा सळई का घालतोय, हे फुटेजवरून कळायला हवं.

अजून एक. गाडी निघते तेव्हा सिलिंडरच्या खालून दोन्ही बाजूंना वाफेचे लोट येतात ते शोभेसाठी नव्हे. थंड सिलिंडरमध्ये वाफेचं पाणी होतं, आणि पाणी दाबलं जात नाही. ते बाहेर काढलं नाही तर सिलिंडरचं झाकण फुटू शकतं. पहिल्या काही फेऱ्यांत ड्रेन कॉक उघडेच असतात. तुम्ही रॉडच्या क्लोज-अपसाठी वाऱ्याच्या खालच्या अंगाला उभे राहिलात तर पहिलं अर्धं मिनिट फक्त पांढरा पडदा मिळेल. वारा बघून बाजू निवडा.

फिरकी

बुवा, लोक ड्रायव्हरला "जरा धूर काढा ना" म्हणतात त्याबद्दलही लिहा.

बॉयलरबुवा

काळा धूर म्हणजे न जळलेला कोळसा. चांगल्या फायरमनच्या दृष्टीने ती लाजेची गोष्ट. शिवाय नळ्यांत काजळी बसते. तुम्हाला जो पांढरा दिमाखदार लोट हवा असतो तो धूर नसून थंड हवेत घट्ट झालेली वाफ आहे. तो मागणी करून मिळत नाही, हवामानातून मिळतो. डिसेंबर-जानेवारीतल्या सकाळी आपोआप दिसतो, मेच्या दुपारी नाही. ज्याला नोंद करायचीय त्याने धूर मागूच नये, कारण मग तुम्ही नेहमीचं काम टिपत नाही, तुमच्यासाठी केलेलं नाटक टिपता.

मीना_पु

कॅमेऱ्याच्या सेटिंगबद्दल थोडं.

भारतात वीज ५० हर्ट्झ, म्हणून शेडमधल्या ट्यूबलाइटखाली २५ किंवा ५० एफपीएस (सेकंदाला फ्रेम) आणि १/५० किंवा १/१०० शटर. ३० एफपीएस आणि १/६० ठेवलं तर दिवे लुकलुकताना दिसतात, आणि ते नंतर काढणं कटकटीचं.

बाहेर लोक उन्हामुळे शटर १/१००० वर नेतात. तिथे रॉडची चाल मरते. हिशोब करून पाहा: बी क्लासचं चाक २६ इंची, म्हणजे परीघ साधारण २.०७ मीटर. ताशी १२ किमी वेगाला चाक सेकंदाला सुमारे १.६ फेरे घेतं. १/५० शटरमध्ये ते अंदाजे साडेअकरा अंश फिरतं आणि रॉडला जिवंत धूसरपणा येतो. १/१००० ला अर्ध्या अंशाच्या आसपास, म्हणजे प्रत्येक फ्रेम गोठलेली आणि हालचाल झटक्यांची. तेव्हा शटर जागेवर ठेवा आणि प्रकाश एनडी फिल्टरने कमी करा. फिरवून कमी-जास्त करता येणारा व्हेरिएबल एनडी वाइड लेन्सवर टोकाला नेला की आकाशात काळपट फुली उमटते, म्हणून वाइडला साधा ठरावीक एनडी बरा.

एक्स्पोजर हीच खरी डोकेदुखी. काळं इंजिन आणि उन्हातली पांढरी वाफ एकाच चौकटीत. वाफेसाठी एक्स्पोज करा. झेब्रा (जास्त उजळ भागावर पट्टे दाखवणारी सोय) ९५ वर ठेवून वाफेच्या फक्त कडांवर येऊ द्या. सावलीतला तपशील १०-बिट लॉगमध्ये (उजेड-सावलीचा जास्त तपशील राखणाऱ्या फिकट चित्रनोंदीत) बराच वर ओढता येतो, जळालेली वाफ परत येत नाही. ८-बिटमध्ये लॉग वापरू नका, वाफेत आणि आकाशात पट्टे पडतात. ऑटो एक्स्पोजर तर बंदच. लोट आला की चित्र काळवंडतं, गेला की उजळतं.

पहाटे थंडीतून शेडच्या उबेत शिरलं की लेन्सवर दव धरतं. बॅग बंद ठेवून वीस-तीस मिनिटं आत राहू द्या, मग उघडा. काचेवर पडलेली काजळी आणि कोळशाची कणी कापडाने पुसायची नाही, आधी फुंकणीने उडवायची. कणी घासली की कोटिंगवर ओरखडे. पुढे यूव्ही फिल्टर असू द्या.

बतासियाहून कांचनजंगा जवळपास उत्तरेकडे आहे आणि सकाळी तिच्यावर ऊन पडतं. दुपारनंतर ढग. ऑक्टोबर ते डिसेंबर हा काळ त्यातल्या त्यात भरवशाचा.

स्वरांकन

चित्रावर एवढं लिहिलंत, आवाजाचं कुणी नावच काढत नाही. वाफेच्या इंजिनाची निम्मी माहिती आवाजात असते.

दोन सिलिंडर, प्रत्येकाला दोन्ही बाजूंनी वाफ, म्हणजे चाकाच्या एका फेऱ्यात चार भकभक. मीना यांच्याच आकड्याने ताशी १२ किमीला सेकंदाला सहापेक्षा थोडे जास्त. याचा उलटा उपयोग फार सुंदर आहे: दहा सेकंदांत ४० ठोके मोजलेत तर सेकंदाला एक फेरा, म्हणजे ताशी साधारण साडेसात किमी. चित्र नसलं तरी वेग काढता येतो. चार ठोके सारखे नसतील तर व्हॉल्वची जुळणी बिघडलेली असू शकते. म्हणून एक्झॉस्टवर (धुराड्यातून सुटणाऱ्या वाफेच्या आवाजावर) कधीही कॉम्प्रेसर, नॉइज रिडक्शन किंवा लो-कट (खालचे स्वर कापणारा फिल्टर) लावू नका. खालच्या पट्टीतला धक्का हाच पुरावा. लो-कट फक्त मुलाखतीला.

रेकॉर्डिंग ४८ किलोहर्ट्झ, २४-बिट. सरासरी पातळी उणे २० डेसिबलच्या आसपास ठेवा आणि जोडीला १२ ते १८ डेसिबल खाली एक सुरक्षित ट्रॅक. शिट्टी अचानक वाजते आणि सगळं चिरडून टाकते. ३२-बिट फ्लोट (फार मोठा आवाजही फाइलमध्ये फाटू न देणारी पद्धत) असलं म्हणून गाफील राहू नका. माइकची कॅप्सूलच विकृत झाली तर फाइल काही करू शकत नाही. माइक किती ध्वनिदाब झेलतो ते आधी बघा. स्टिरिओसाठी ओआरटीएफ, म्हणजे दोन कार्डिओइड (समोरचा आवाज जास्त घेणारे) माइक १७ सेमी अंतरावर, ११० अंशांत. जवळून जाणारी गाडी त्यात छान सरकते. वाऱ्यासाठी केसाळ आवरण हवंच, फोमने घाटात भागत नाही.

दार्जिलिंगची मोठी अडचण हॉर्नची. रूळ हिल कार्ट रोडला बिलगून जातात आणि जीपवाले गप्प बसत नाहीत. रस्त्याकडेला स्वच्छ आवाज मिळेल ही आशाच सोडा. गाडीतच बसून, इंजिनाला लागून असलेल्या डब्याच्या खिडकीतून सलग ध्वनी घ्या. वाऱ्याचा त्रास या वेगाला फारसा नसतो.

आणि लांबच्या शॉटमध्ये आवाज उशिरा येतो. १०० मीटरला सुमारे ०.२९ सेकंद, २५ एफपीएसला सात फ्रेम. मूळ फाइलमध्ये तो फरक तसाच ठेवा, टाळी किंवा स्लेटने फक्त सिंकची खूण करा. एडिटमध्ये सरकवायचा की नाही ती आवडीची बाब.

सांधेवाला

परवानगी आणि सुरक्षितता यावर लिहितो, कारण उत्साहाच्या भरात सगळे इथेच घसरतात.

दार्जिलिंगची लाइन ईशान्य सीमांत रेल्वेकडे, निलगिरीची (उटीची) लाइन दक्षिण रेल्वेकडे. शेड, वर्कशॉप, कॅब, ट्रायपॉड-दिवे-कर्मचाऱ्यांच्या मुलाखती, किंवा व्यावसायिक वापर यातलं काहीही असेल तर त्या झोनच्या जनसंपर्क विभागाकडे लेखी अर्ज. एकाहून जास्त झोन असतील तर विषय रेल्वे बोर्डाकडे जातो. अर्जात तारीख, वेळ, नेमकी जागा, माणसांची आणि उपकरणांची यादी, इंजिनावर काही बसवणार असाल तर ते कसं, हे सगळं लिहा. "घाट सेक्शनमध्ये चित्रीकरण" एवढंच मोघम लिहिलं की अर्ज टेबलावरून टेबलावर फिरत राहतो.

रेल्वे कायदा १९८९: कलम १४७ म्हणजे रेल्वे हद्दीत बेकायदा प्रवेश, सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. कलम १५६ म्हणजे टपावर, पायरीवर किंवा इंजिनावर बसून प्रवास. पायरीवर लोंबकळून घेतलेला 'झकास' शॉट याच कलमात बसतो.

ड्रोनचा विचार करण्याआधी डिजिटल स्काय या सरकारी संकेतस्थळावरचा ड्रोन-क्षेत्रांचा नकाशा बघा. नेपाळची सीमा हाकेच्या अंतरावर आहे. मैदानी भागातली गृहीतकं इथे चालत नाहीत. तांबड्या किंवा पिवळ्या क्षेत्रात परवानगीशिवाय उडवायचा नाही, २५० ग्रॅमच्या आतला असला तरीही.

कॅबमध्ये जायची परवानगी मिळाली तर सुती कपडे, बंद बूट, गळ्यात लोंबता पट्टा किंवा ओढणी नको. इंजेक्टरच्या (बॉयलरमध्ये पाणी भरणाऱ्या यंत्राच्या) ओव्हरफ्लोमधून उकळतं पाणी येतं, तिथे पाय नको. गेज ग्लासला तोंड लावून शॉट घेऊ नका. फायरहोलचं दार उघडताना समोर उभं राहायचं नाही, बाजूने घ्या. न्यू जलपाईगुडी, रेवाडी अशा ठिकाणी वर २५ हजार व्होल्टची तार असते. बूम पोल किंवा उंच मोनोपॉड तिथे उभा करायचाच नाही. स्पर्श व्हावा लागत नाही, जवळ गेलं तरी पुरे.

फिरकी

इंजिनावर ॲक्शन कॅमेरा लावता येतो का?

मीना_पु

परवानगी असेल तरच. चुंबकी माउंट एकटा नको, तापलेल्या पत्र्यावर पकड सैल होते. जोडीला स्टीलची बारीक दोरी वेगळ्या जागी बांधा. स्टॅबिलायझेशन बंद ठेवा, नाहीतर चौकट धडधडीशी भांडत बसते. रोलिंग शटरमुळे (फ्रेम ओळीओळीने वाचली जाते म्हणून) चित्र जेलीसारखं लवलवतं, त्याला उपाय म्हणजे माउंट आणि पत्र्यामध्ये रबर आणि शटर जरा जास्त वेळ उघडं ठेवणं. फोन मात्र इंजिनावर बांधू नका. त्यातली लेन्स सावरणारी यंत्रणा अशा सततच्या कंपनाने बिघडू शकते.

नेरळची_गाडी

वाचनखूण साठवली. निलगिरीबद्दल थोडी भर, कारण दार्जिलिंगची पद्धत तिथे जशीच्या तशी लागू होत नाही.

निलगिरी मीटर गेज, सुमारे ४६ किमी. कल्लार ते कुन्नूर दातेरी रूळ, चढ १:१२ पर्यंत. वाफेचं इंजिन मेट्टुपाळयम-कुन्नूर टप्प्यावर, पुढे उटीपर्यंत सहसा डिझेल. चढताना इंजिन मागून ढकलतं. त्यामुळे वरून उतरत्या दिशेने घेतलेल्या शॉटमध्ये आधी डबे आणि त्यांच्या पुढच्या सज्जात उभे ब्रेकमन दिसतात, इंजिन शेवटी. हे ब्रेकमन झेंडीने मागे खुणा देत जातात. त्या खुणांची साखळी टिपायला दोन कॅमेरे लागतात.

स्वरांकन यांच्यासाठी मेजवानी म्हणजे कल्लार. एक्स क्लास हे चार सिलिंडरचं कंपाउंड इंजिन. सपाट भागात फक्त खालचे दोन काम करतात. दातेरी रुळावर चढलं की त्यांतून निघालेली वाफ वरच्या दोघांत जाते आणि ते दातेरी चाक फिरवतात. वरची यंत्रणा गिअरमुळे जवळपास दुप्पट वेगाने चालते. म्हणजे एक्झॉस्टचा ठेकाच बदलतो. ती बदलाची वीस-तीस सेकंदं सलग हवीत, आणि सोबत वरच्या-खालच्या क्रॉसहेडचा बाजूने क्लोज-अप. काही इंजिनं तेलावर आहेत, तिथे बर्नरची घरघर वरून मिसळते. नोंदीत कोळसा की तेल ते लिहाच, नाहीतर पुढे आवाजांची तुलना फसते.

अवांतर: माथेरानच्या मूळ जर्मन इंजिनांपैकी ७४० क्रमांकाचं इंग्लंडमध्ये जतन केलेलं आहे. तिकडे राहणाऱ्या कुणी त्याच्या लवचिक टोकाच्या धुऱ्यांचं, क्लीन-लिंडनर पद्धतीचं, वळणावरचं फुटेज खालून घेतलं तर आपल्याकडची मोठी उणीव भरून निघेल.

रीळ_आणि_डबा

नव्या चित्रीकरणाइतकंच जुन्या रिळांचं काम आहे. माथेरान, बार्शी लाइट, शकुंतला यांची घरगुती ८ मिमी रिळं महाराष्ट्रात कपाटांमधून नक्की पडून असणार.

डबा उघडल्यावर व्हिनेगरचा वास आला तर ॲसिटेट कुजायला लागलंय. ते रीळ बाकीच्यांपासून वेगळं करा, हवाबंद डब्यात कोंडू नका, थंड आणि कोरड्या जागी ठेवा आणि स्कॅनिंगसाठी त्याचा नंबर पहिला लावा. प्रोजेक्टरवर 'एकदा बघू' म्हणून चालवू नका. आक्रसलेल्या फिल्मची भोकं दात्यांवर फाटतात. भिंतीवर पाडून मोबाइलने घेणं हे स्कॅन नव्हे. फ्रेमगणिक स्कॅन, २के पुरे, फ्लॅट रंगात, आणि स्कॅन करणाऱ्याला सांगा की वेग बदलू नका, धूळ काढणारं सॉफ्टवेअर लावू नका. ते सॉफ्टवेअर उडत्या ठिणग्या आणि वाळूचे कण धूळ समजून पुसतं.

फिरकी

जुनं मुकं रीळ सेकंदाला १६ फ्रेमचं की १८ चं ते कसं कळणार? चाकाचे फेरे मोजून?

रीळ_आणि_डबा

नाही. चाकावरून फक्त एका फ्रेममध्ये गाडी किती सरकली तेवढं कळतं. गाडीचा खरा वेग ठाऊक नसेल तर पुढे जाता येत नाही. पडणारी वस्तू शोधा: टेंडरवरून पडलेला किंवा फावड्यातून सुटलेला कोळशाचा खडा. एक मीटर पडायला साधारण ०.४५ सेकंद लागतात. १६ फ्रेमच्या रिळात ते सात फ्रेम, १८ ला आठ, २४ ला जवळपास अकरा. उंचीसाठी त्याच चौकटीतली माहीत असलेली लांबी घ्या. १६ चं रीळ सरळ २५ ने चालवलं तर गाडी दीडपटीहून वेगाने पळते आणि माणसं बाहुल्यांसारखी नाचतात.

बॉयलरबुवा

नोंदीबाबत एक राहिलं. कॅबवरचा क्रमांक म्हणजे इंजिनाची ओळख असं समजू नका. वर्कशॉपात बॉयलर, टाकी, चाकं यांची अदलाबदल होत असते. बॉयलरवरचा क्रमांक, चौकटीवर ठोकलेले आकडे, रॉडवरचे आकडे यांचे क्लोज-अप घ्या. तिरपा प्रकाश टाकलात तर रंगाच्या थराखालचे आकडेही वाचता येतात.

घाटमाथा

फार छान भर पडली. मग शॉट-नोंदीचे रकाने असे ठरवू या: तारीख, वेळ, जागा जीपीएससह, इंजिन क्रमांक आणि जिथे मिळेल तिथे बॉयलर क्रमांक, दिशा, डब्यांची संख्या, इंधन, हवामान, कॅमेरा-लेन्स, कोणी काय काम करत होतं. माणसांची नावं त्यांनी लेखी संमती दिली तरच. मुलाखत त्यांच्या भाषेतच, म्हणजे दार्जिलिंगला नेपाळी, निलगिरीला तमिळ. हिंदीत विचारलं की उत्तरं आखडतात आणि कामाचे शब्द निसटतात. उपशीर्षकं नंतर करता येतात.

साठवणुकीचा अंदाज: सेकंदाला १०० मेगाबिटला तासाला ४५ जीबी, ४०० मेगाबिट ऑल-इंट्राला (प्रत्येक फ्रेम स्वतंत्र साठवणाऱ्या प्रकाराला) १८० जीबी. शेडपासून शेडपर्यंतचा एक पूर्ण दिवस दोन कॅमेऱ्यांनी घेतला तर दुसऱ्या प्रकारात दोन टीबी सहज. तीन प्रती, दोन वेगळ्या प्रकारच्या माध्यमांवर, एक दुसऱ्या गावी. कॉपी झाल्याबरोबर चेकसम (फाइल बदलली का ते सांगणारा आकडा) काढून मजकूर-फाइलमध्ये ठेवा आणि दरवर्षी ताडून पाहा.

स्वरांकन

रकान्यांत माइकचा प्रकार आणि इंजिनापासूनचं अंतरही घाला. अंतर नसेल तर दोन रेकॉर्डिंगच्या आवाजाची पातळी ताडून बघता येत नाही.

घाटमाथा

घातलं. कोरा तक्ता सायंकाळी इथेच चिकटवतो. निलगिरीसाठी 'दातेरी रुळावर / बाहेर' असा एक जादा रकाना करतो.